सात हप्ते पुढे

बंदर सेरी बेगावान, ब्रुनेई
२६ फेब्रुवारी १९९६

चि. अमादो यास अनेक आशीर्वाद.

ईद एकदाची उरकली. दीड महिना मशीनवरून मान वर केली नाही. एकशे बारा जोड कपडे शिवले, त्यातले नऊ एकाच घरचे, आणि त्या घरातल्या नऊही बायकांना बाही थोडी सैल हवी होती. मालकिणीने दरवर्षीप्रमाणे जादा कामाचे पैसे दिले. आपल्या पेसोत दहा हजार होतात. नेहमीप्रमाणे तुला पाठवायचे, तू ते बँकेत आगाऊ भरायचे, असं ठरवून पैसे पाठवायचा फॉर्म भरायला बसले होते.

तेवढ्यात आमच्या दुकानाचा हिशेब बघणाऱ्या हाजा सादिया आल्या. त्यांनी विचारलं की हे पैसे हप्त्यात जाणार की मुद्दलात. मी म्हटलं, घरात जाणार. त्या हसल्या आणि म्हणाल्या की घर काही पैसे घेत नाही, बँक घेते. मग विचारलं की घराच्या तीन लाखांच्या कर्जापैकी चार वर्षांनी मुद्दल उरलं किती. मला सांगता आलं नाही. महिन्याचे चार हजार एकशे चौऱ्याहत्तर मला झोपेतही पाठ आहेत, पण उरले किती ते ठाऊक नाही.

तेव्हापासून टाचेत काटा राहिल्यासारखं झालंय. घराच्या कागदावर सही केली त्या दिवशी आपलं ठरलं होतं की घर फिटलं की मी परत यायचं. मग कधी फिटणार हे मला कळायला नको का? बँकेत जा आणि दर हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती असा कागद घेऊन पाठव. तोवर दहा हजार माझ्याचकडे राहतील.

माझ्या रोवेनाची परीक्षा जवळ आली. तिला वेळेवर जेवायला लाव, आपल्या आईची सवय तिच्यात पुरेपूर उतरली आहे. तुझ्या नेनिताच्या गुडघ्याला इथलं तेल पाठवते.

तुम्हा तिघांच्या लोभावर इथे दिवस निघतात, तो आटू देऊ नका.

तुझी ताई,
फेली


काबुयाव, लागुना
१४ मार्च १९९६

ती. ताईस शिरसाष्टांग नमस्कार वि. वि.

तुझं पत्र नेनिताने मोठ्याने वाचलं आणि आम्ही पोट धरून हसलो. नऊ बायकांच्या नऊ बाह्या शिवून तुझं डोकं सैल झालेलं दिसतंय. ताई, तू शिंपीण खरी, पण म्हणून सुतावरून स्वर्ग गाठायलाच हवा का? आपण सात हप्ते पुढे आहोत. पलीकडच्या गल्लीतल्या इस्कोकाकांच्या फाटकावर बँकेच्या तीन नोटिसा लागल्यात. आणि मी बँकेत गेलो की मॅनेजर खुर्ची देतो. यंदा छत्री दिली, कॅलेंडर दिलं. आपले बाबा तांदळाच्या दुकानात कायम दहा दिवसांचे पैसे पुढे ठेवायचे आणि गावात ताठ मानेने चालायचे. मी तेच करतोय.

कागदाचं बघतो. ईस्टरआधीचा होली वीक तोंडावर आहे, रांगा फाटकाबाहेर जातात. शिवाय बेकरी माझ्याच गळ्यात पडली आहे. बेकरीचे म्हातारे मालक तिनोंगकाका मुलीकडे राहायला गेले. आता पहाटे पानदेसाल पावाच्या दोन भट्ट्या निघतात आणि ट्रायसिकल-रिक्षावाले सगळे माझ्याकडेच पाव घेतात. नेनिता म्हणते, माझ्या अंगाला आता साबणाऐवजी यीस्टचा वास येतो.

रोवेना वर्गात दुसरी आली. पांढऱ्या झग्यात फोटो काढलाय, सोबत पाठवतो. तू ते दहा हजार उगाच अडकवून ठेवू नकोस. बँकेतल्या आपल्या नावाला बट्टा लागेल.

माझ्यावरचा राग आणि लोभ दोन्ही आहे तसेच ठेव.

तुझा,
अमादो


बंदर सेरी बेगावान
२९ मार्च १९९६

चि. अमादो यास आशीर्वाद.

फोटो मिळाला. तिच्या झग्याची खांद्याची शिवण चुकली आहे. कुणी शिवला? मी शिवायला हवा होता.

आता नीट बसून वाच, आणि नेनितालाही वाचू दे. परवा जेवणाच्या सुट्टीत हाजा सादियांनी माझ्या कापायच्या टेबलावर बेतकामाचा कागद पसरला आणि सगळं मांडून दाखवलं. तीन लाखांवर सोळा टक्के, म्हणजे पहिल्या महिन्याचं व्याज चार हजार. आपला हप्ता चार हजार एकशे चौऱ्याहत्तर. म्हणजे घराच्या वाट्याला आले एकशे चौऱ्याहत्तर पेसो. मला वाटलं त्यांचं हिशेबाचं यंत्र बिघडलं. त्यांनी तीनदा करून दाखवलं. वीस वर्षांचे सगळे हप्ते मिळवले तर दहा लाखांच्या वर जातात. घर तीन लाखांचं आहे, अमादो. दोन खोल्या आणि एक मोरी.

याहून वाईट पुढेच आहे. मी तीन वर्षं ईदीचे दहा-दहा हजार पाठवले आणि पत्रात स्वतःच्या हाताने लिहिलं, आगाऊ भर. तू आगाऊ भरलेस. बँकेने ते पुढच्या सात हप्त्यांपोटी ठेवून घेतले आणि व्याज जसंच्या तसं चालू ठेवलं. त्याच पैशांसोबत आपण एक ओळ लिहून दिली असती की हे मुद्दलात टाका, तर सात नव्हे, पंच्याहत्तर हप्ते उडाले असते. मी विचारलं हे कसं. सुरुवातीच्या हप्त्यांत मुद्दल एवढंसं असतं की पहिल्याच दहा हजारांत तसले अडतीस हप्ते बसतात, आणि त्या अडतीसांचं व्याज मग भरावंच लागत नाही. सहा वर्षं आणि वर तीन महिने. एका ओळीसाठी.

दोन दिवस मी कापड उलटं कापतेय. काल एका नवरीच्या झग्याला दोन डाव्या बाह्या लावल्या. मालकीण विचारते काय झालं, तिला काय सांगू? बाबांनी पुढे पैसे ठेवले ते तांदळाच्या दुकानात, तिथे व्याज नव्हतं. आपण दोघांनी बाबांची अब्रू बँकेत नेऊन भरली.

पण सगळं गेलेलं नाही. सात हप्ते अजून शिल्लक आहेत ना? सोबत सही केलेलं पत्र आहे. ते घेऊन उद्याच जा आणि सांग की आगाऊ रक्कम मुद्दलात वळवा. हो म्हणाले तर माझे दहा हजारही त्यावर टाकू. उगाच उद्यावर ढकलू नकोस.

आणि एक. तिनोंगकाका भट्टी विकून जाणार होते असं तू गेल्या वर्षी लिहिलं होतंस. मग आता दोन भट्ट्या निघतात त्या कुणाच्या भट्टीतून?

उत्तराची वाट पाहणारी,
ताई


काबुयाव
२० एप्रिल १९९६

ती. ताईस नमस्कार वि. वि.

तीनदा लिहून फाडलं, हे चौथं. नेनिता समोर बसली आहे आणि म्हणते की हे पत्र पेटीत पडल्याशिवाय घरात चूल पेटणार नाही.

सात हप्ते शिल्लक नाहीत. तिनोंगकाकांनी गेल्या जुलैत सांगितलं की भट्टी एकोणतीस हजारांना घे, नाहीतर कालांबा गावचं गिऱ्हाईक उद्या घेऊन जाईल. भट्टी गेली असती तर मी रस्त्यावर आलो असतो. तेव्हा माझ्या मनात आलं, बँकेकडे आपले सात हप्ते पडूनच आहेत. म्हणून तू पाठवलेले जुलै ते जानेवारीचे हप्ते मी भरले नाहीत. भट्टीवाल्याला दिले. बँकेने आपल्या आगाऊतून कापून घेतले. बँकेचा पैसा थकला नाही, दंड नाही, नोटीस नाही. मला खरंच वाटलं नव्हतं की मी काही चोरतोय. पावाच्या विक्रीतून हळूहळू परत भरीन आणि तुला कळायचंही नाही, असं ठरवलं होतं. मार्चमध्ये सात हप्ते पुढे आहोत असं लिहिलं ते मात्र धडधडीत खोटं होतं.

बँकेत गेलो होतो. या वेळी मॅनेजरने खुर्ची दिली तरी बसलो नाही. तू मागितलेला कागद सोबत आहे. अठ्ठेचाळीस हप्त्यांत दोन लाख भरले, त्यातले मुद्दलात गेले अकरा हजार पाचशे ब्याऐंशी. बाकी दोन लाख अठ्ठ्याऐंशी हजार चारशे अठरा. आगाऊच्या रकान्यात शून्य आहे. मी विचारलं की पहिल्याच वर्षी हे आम्हाला का नाही सांगितलं. समोरची मुलगी शांतपणे म्हणाली की तुम्ही आगाऊ म्हणालात, आम्ही आगाऊ घेतलं.

आणखी एक लिहायला हवं. तुझं मागचं पत्र रोवेनाने वाचलं. दुसऱ्या दिवशी ती तैवानच्या कारखान्याचा फॉर्म घेऊन आली. अठरा पूर्ण व्हायला दोन महिने आहेत, तोवर एजंट कागद तयार ठेवतो म्हणे. तिचं म्हणणं, दोघींनी कमावलं तर कर्ज लवकर फिटेल आणि आईला परत येता येईल. मी समजावलं. ती म्हणाली की मामा, तुम्ही तरी हिशेबाचं बोलू नका.

तू शिव्या घाल, पण उत्तर लिही.

अमादो


बंदर सेरी बेगावान
६ मे १९९६

अमादो,

कागद मिळाला. कापायच्या टेबलावर टेप पसरून मोजलं. आपलं घर छत्तीस चौरस मीटरचं आहे. चार वर्षांत त्यातलं जेवढं फिटलं त्यात एक चटई पसरता येते, तीही अंग चोरून झोपायला. तेवढ्यासाठी मी रोवेनाची तेरा ते सतरा ही वर्षं घराबाहेर काढली.

भट्टीबद्दल मला आता काही लिहायचं नाही. तू विचारलं असतंस तर मी हो म्हटलं असतं, याचाच जास्त राग येतो.

कर्ज संपेल तेव्हा मी अठ्ठावन्नची असेन. मी परत यावं म्हणून माझी मुलगी बाहेर जाणार, मग मी कुणासाठी परत यायचं? तिने त्या फॉर्मवर सही करायची नाही. तिला हे पत्र दाखव.

फेली


काबुयाव
२२ मे १९९६

ती. ताईस शिरसाष्टांग नमस्कार वि. वि.

मागच्या पत्राखाली तू ताई लिहिलं नाहीस. नेनिताने ते आधी पाहिलं आणि पत्र माझ्यापुढे नुसतं ठेवून गेली.

मी भट्टी विकली. कालांबाचाच माणूस आला. चोवीस हजार दिले, घासाघीस करायचं त्राण मला नव्हतं. तुझं सहीचं पत्र घेऊन त्याच दिवशी बँकेत गेलो आणि पावतीवर तीन ठिकाणी लिहून घेतलं की मुद्दलात. त्या मुलीने पुन्हा पुन्हा विचारलं की नक्की ना, पुढचा हप्ता तरीही भरावा लागेल. म्हटलं, बाई, शिक्का मारा. तिने नवा कागद काढून दिला, सोबत आहे. पन्नास हप्ते गेले, ताई. माझ्या हातून पहिल्यांदाच काहीतरी बरोबर झालं. आता मी बाजारातल्या मोठ्या बेकरीत रोजावर कणीक मळतो. मालक माझ्याहून नऊ वर्षांनी लहान आहे आणि मला काका म्हणतो.

तुझे दहा हजार आले की तेही असेच टाकतो. आणखी चौदा हप्ते उडतील असं ती मुलगी म्हणाली. दोन्ही मिळून तू पाच वर्षं आधी येशील.

रोवेनाने तुझं पत्र वाचलं, पण फॉर्म फाडला नाही. एजंटची शेवटची तारीख वीस जून आहे. ती म्हणते, आईने नुसतं नको म्हणून कसं चालेल, मग दुसरं काय ते आईने सांगावं.

धाकट्याला माफी मिळेल तेव्हा मिळेल, तोवर आठवणीत असू दे.

तुझा,
अमादो


बंदर सेरी बेगावान
३ जून १९९६

चि. अमादो यास अनेक आशीर्वाद.

भट्टी गेली हे वाचून मला रडू आलं. सहावीत असताना तू चिखलाचे पाव भाजायचास आणि मला विकत घ्यायला लावायचास. पन्नास हप्ते उडाले ते मात्र वाया नाही. तुझ्यावरचा राग संपलाय असं नाही, पण कमी झालाय.

तुझा नवा कागद आणि जुना कागद शेजारी ठेवून मी बघत बसले. पन्नास ओळी गेल्या त्या सगळ्या खालून गेल्या. २००८ ते २०१२. माझे दहा हजार टाकले तर अजून चौदा जातील, त्याही खालूनच. मी इथे कितीही शिवलं आणि तू तिथे कितीही मळलंस तरी बँक वर्षं कापणार ती शेवटची. मी मात्र इथे राहून देते आहे ते हे वर्ष. रोवेना सतरा वर्षांची आहे ती याच वर्षी. २००७ साली मोकळी होऊन मला काय करायचंय? हाजा सादियांच्या यंत्रात हे कुठे दिसत नव्हतं. मी त्यांना म्हटलं तर त्यांनी यंत्र बंद करून ठेवलं. मग म्हणाल्या, जा.

म्हणून दहा हजार बँकेत येणार नाहीत. त्यातले पाच हजार दोनशे तिकिटाला गेले. उरलेले रोवेनाच्या कॉलेजच्या प्रवेशाला ठेवलेत. मास्तरीण व्हायचं असं ती लहानपणापासून म्हणत होती, आता म्हणायची बंद झाली असली तरी फी भरलेली पाहून आठवेल. मी नोटीस दिली आहे. मालकीण आधी चिडली, नंतर जुनं मशीन निम्म्या किमतीत द्यायला तयार झाली. ते खोक्यातून जहाजाने येईल.

हप्त्याचं असं करू. पुढची खोली आपल्या गावच्या कारखान्यात काम करणाऱ्या दोन मुलींना भाड्याने द्यायची. आपण सगळे मागच्या खोलीत. मी शाळांचे गणवेश शिवीन, तुझा रोज आहेच. सहा महिने करून बघू. नाही जमलं तर घर विकायचं, बँकेचं द्यायचं आणि भाड्याने राहायचं. हे मी आत्ताच लिहून ठेवते, म्हणजे तेव्हा कुणी माझी समजूत काढायला बसू नये. मला भीती वाटते, अमादो. रोज सकाळी वाटतं की चुकतंय, आणि दुपारपर्यंत वाटतं की याआधीच करायला हवं होतं.

सोळा तारखेला दुपारी विमान मनिलाला उतरेल. अख्ख्या गल्लीला जीपमध्ये भरून आणू नकोस, तुम्ही तिघंच या. रोवेनाला फॉर्मबद्दल काही बोलू नकोस, ते माझं मी बघते.

बाकीचा लोभ आणि बाकीच्या शिव्या समोरासमोर बसून.

तुझी ताई,
फेली

ता. क. रोवेना विचारील की या वेळी किती आठवडे. तिला सांग की आईने परतीचं तिकीट काढलेलं नाही.