सातव्या कडीच्या पुढे

मुक्काम सांगली
सोमवार, होळीच्या आधीचा

तीर्थस्वरूप साळूआत्याच्या पायांवर, त्यातल्या डाव्या गुडघ्याला जपून, मयूरीचं डोकं. लालासाहेब मामांनाही नमस्कार, कारण पत्र तेच वाचून दाखवणार. (मामा, मागच्या पत्रातली दोन वाक्यं तुम्ही गाळलीत, हे मला आत्याच्या बोलण्यावरून कळलं. या वेळी पानांवर नंबर घातले आहेत. सहा पानं आहेत. सहाव्या पानाच्या मागेही लिहिलेलं आहे.)

इकडे मी खुशाल आहे. तुझा गुडघा कसा आहे, मी दिलेलं तेल तू त्यालाच लावतेस की शेळीच्या खुराला लावून संपवलंस, तांबडी व्याली का, मुंबईहून दादांचा फोन येतो का, ते सगळं कळव. फोनवर विचारलं तर तू "बरं हाय, ठेव" म्हणतेस आणि मामा स्पीकर चालू करून अख्ख्या वस्तीला ऐकवतात, म्हणून पत्र. शिवाय आपल्या घरातून शाळेत गेलेली मी पहिलीच. (मामा लष्करात शिकले, पण ते तुझे मालक, म्हणजे सासरकडचे.) सगळ्यांनी मिळून शिकवलेल्या पोरीने निदान लिहायचा आळस करू नये.

तर झालं असं, की काल मी कडा चढले.

(मामा, इथे थांबून आत्याला सांगा की मी धडधाकट आहे. मगच पुढचं वाचा.)

माझ्याबरोबर दूध संघाच्या लॅबमध्ये ज्ञानदा म्हणून मुलगी आहे. मी फॅट तपासते, ती नोंद करते. तिनेच मला ओढून नेलं. वाईच्या पुढे एक कडा आहे, तिथे 'व्हाया फेराटा' नावाचा खेळ चालतो. नाव इटलीचं आहे आणि त्याचा अर्थ लोखंडी वाट. कातळात लोखंडाच्या पायऱ्या ठोकलेल्या, बाजूने जाड तार ओढलेली. कमरेला पट्टा बांधायचा, पट्ट्याला दोन दोऱ्या, दोऱ्यांना दोन हुक. हुक तारेत अडकवत अडकवत वर जायचं. पुण्याची माणसं यासाठी पहाटे उठून गाडी काढून येतात. ऐकून मला पहिल्यांदा हेच वाटलं, की हे तर आपल्या बिरोबाच्या कड्यावरचं आहे. कातळात ठोकलेल्या एकवीस कड्या आणि दर जत्रेला त्या धरून, खांद्यावर देवाचं निशाण घेऊन वर चढणारी तू. फरक एवढाच, की तुला पट्टा नाही, हुक नाही, पायात काही नाही, आणि तीस वर्षांत कुणी तुझा फोटो काढला नाही.

चढायच्या आधी एक फॉर्म भरायचा असतो. अकरा पानांचा. तिथला गाईड अवधूत म्हणाला, ताई, शेवटच्या पानावर सही करा. मी म्हटलं, वाचून करते. आज्याने न वाचता अंगठा दिला आणि आपली विहीर चुलत्यांच्या सातबाऱ्यावर गेली. ती आज त्यांच्या शंभूराजदादाच्या उसाला पाणी पाजते, हे मी विसरत नाही. तर मी वाचायला बसले. चौथ्या पानावर लिहिलं होतं, 'मला उंचीची भीती वाटत नाही.' आता मी दुधाचा एक कॅन दोनदा तपासल्याशिवाय पास करत नाही, मग माणूस कसा करीन? मी 'वाटत नाही' खोडून 'वाटते' केलं, पुढे सही केली, आणि समासात कारण लिहिलं, की बाराव्या वर्षी गावच्या कड्यावर सातव्या कडीशी अडकले होते, घोंगडीत बांधून खाली उतरवावं लागलं. अवधूतने ते वाचलं. चार वर्षांत समासात लिहिणारं कुणी भेटलं नाही, म्हणाला. माझ्यामागे सोळा माणसं रांगेत उभी होती. त्यांनी आपापले फॉर्म पुन्हा मागून घेतले आणि चौथं पान काढून बघायला लागली. त्यातली दोघं तिथूनच परत गेली. त्याचं मला वाईट वाटलं, पण फार नाही.

पुढची गोष्ट मात्र माझ्याकडून चुकून झाली. कड्याच्या पायाशी पोचल्यावर मी बूट काढले. त्यात काही ठरवलेलं नव्हतं, कड्याखाली आलं की माझे पाय आपोआप मोकळे होतात. बूट बाजूला ठेवले, कातळाला हात लावून कपाळाला लावला. माझ्यामागे सांगलीच्या सुहासिनीबाई होत्या, शाळेतून मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झालेल्या, वय सहासष्ट. त्यांना वाटलं इथली रीत असेल. त्यांनी बूट काढले. त्यांच्या मागच्यांनी काढले. पाच मिनिटांत चौदा माणसं अनवाणी उभी, आणि पुण्याचा एक गृहस्थ विचारतोय की हा कोणता देव. अवधूतचं म्हणणं, बूट घातल्याशिवाय वर सोडणार नाही. माझं म्हणणं, बूट घालून देवाच्या अंगावर पाय देणार नाही. तो म्हणाला, अहो ताई, इथं देव न्हाई, फक्त दगड हाय. मी म्हटलं, आमच्याकडेही तेवढंच आहे. शेवटी सुहासिनीबाईंनी तोड काढली. सगळ्यांनी कातळाला हात लावून माफी मागायची आणि मग बूट घालायचे. तसं केलं. दुपारी उतरून आलो तर त्या दगडावर हळदकुंकू होतं, दोन केळी होती, आणि पुढच्या तुकडीतली एक बाई आपल्या नवऱ्याला बूट काढायला लावत होती. आत्या, हे माझ्या हातून झालं. मला काल झोप नीट लागली नाही.

आता चढायचं. नियम एकच, पण तो मला इतका आवडला की मी वहीत लिहून घेतला. दोन हुकांपैकी एक कायम तारेत असला पाहिजे. दुसरा पुढे अडकल्याशिवाय पहिला सोडायचा नाही. मी प्रत्येक हुक अडकवून तीनदा ओढून बघत होते. मागून सुहासिनीबाई म्हणाल्या, "बाळ, तार कंटाळली. मला आज चहा प्यायचाय." मी त्यांची माफी मागितली आणि पुढचा हुक दोनदाच ओढला.

सहा पायऱ्या बऱ्या गेल्या. सातव्या पायरीवर माझे पाय थांबले. मोजत होते म्हणून थांबले की थांबायचेच होते, कोण जाणे. हात तारेवर, तोंड कातळाला, आणि कानात आपल्या जत्रेतली हलगी. तुला आठवतं ना, मी तुझ्या मागे मागे कुणाला न सांगता चढले होते. सातव्या कडीला धरून तासभर. खाली गाव जमलेलं. तू निशाण वर लावून उलटी खाली आलीस, मला घोंगडीत बांधलंस आणि चुलत्यांनी दोराने खाली सोडलं, तशी शंभूराजदादाने खालून आरोळी दिली, "आली रं बोचकी." तेव्हापासून गावात माझं नाव घोंगडीतली पोर. डिग्री घेऊन आले तेव्हा सत्काराला पोलीसपाटलांनीही तेच नाव घेतलं, प्रेमाने.

अवधूत वर होता. त्याने हात पुढे केला नाही, ओरडला नाही. एवढंच म्हणाला, "ताई, खाली नको, वर नको. फक्त पुढची पायरी बघा." आत्या, हे वाक्य तो प्रशिक्षणात शिकलाय. त्यासाठी तो उत्तरेत जाऊन महिनाभर बर्फात राहिला होता. आणि तू मला ते सातव्या कडीवर सांगितलं होतंस, बारा वर्षांपूर्वी, दातात दोर धरून. "खाली बघू नगंस, वर बघू नगंस. म्होरली कडी बघ. आन् हाताला इचारू नगंस, हात भ्या दावतोय. पायाला इचार." तेव्हा मी ऐकलं नाही. काल पायाला विचारलं. पाय म्हणाला, चल. (मामा, हे वाक्य हळू वाचा.)

आठवी पायरी, नववी. विसाव्या पायरीशी मी तीनदा ओढायचं विसरले आणि विसरले हे पुढच्या हुकाला लक्षात आलं. एकविसावी गेली तेव्हा मनात म्हटलं, आपला बिरोबा इथे संपला. पुढच्या एकेचाळीस पायऱ्या फुकटच्या. वर पोचले. खाली कृष्णेचं पाणी, उसाची शेतं, आणि त्या सगळ्यांत एवढुशी ज्ञानदा सावलीत बसून वडापाव खाताना. फॉर्ममधलं चौथं पान वाचून परत गेलेल्या दोघांत एक तीच.

सुहासिनीबाई मागून आल्या आणि म्हणाल्या, कुणी शिकवलं गं तुला? मी तुझं नाव सांगितलं, पूर्ण. साळूबाई लालासाहेब, तालुका माण. त्यांनी ते आपल्या डायरीत लिहून घेतलं. आपल्या घरातलं नाव कुणी मागून लिहून घेतल्याचं मी पहिल्यांदा पाहिलं. मला अभिमान वाटला, आणि वाटला तो मी खोडला नाही.

बाकी सर्व ठीक. तेल गुडघ्यालाच लाव. थोरांना नमस्कार, शेळ्यांना हात.

तुझीच
मयूरी

ता. क. वर लिहिलंय की ज्ञानदाने मला ओढून नेलं. ते खरं नाही. पुन्हा वाचल्यावर राहवेना. मीच तिला ओढून नेलं, आणि काल माझी तिसरी खेप होती. पहिल्या रविवारी वाईच्या स्टँडवरून परत आले. दुसऱ्या रविवारी फॉर्म भरायच्या आधी नुसता पट्टा बांधून बघितला आणि सोडला. काल चढले.

ता. क. दुसरं. हे मी का केलं ते आता सांगते. (मामा, दार लावून घ्या. शंभूराजदादा ओट्यावर बसला असेल तर त्याला चहा देऊन वाटेला लावा.) तुझ्या गुडघ्यामुळे चैत्रातल्या जत्रेला निशाणाचा मान शंभूराजदादाला द्यायचं पंचांचं चाललंय, तो निशाण वर न्यायला ड्रोन लावणार आहे आणि मामांनी "देऊन टाका" म्हटलंय, हे सगळं मला कळलं आहे. विहीर वाचता न आल्याने गेली. निशाण मी वाचून, समजून, सही करून मागते आहे. यंदा ते माझ्या खांद्यावर दे. दुसरा हुक लागल्याशिवाय पहिला सोडायचा नाही, म्हणून मी येईपर्यंत तू पंचांना होकार देऊ नकोस. येत्या शुक्रवारी दहिवडीच्या एसटीने येते. रोज पहाटे सराव करीन, तू खाली बसून शिव्या दे.

ता. क. तिसरं. अवधूतचा आज फोन आला. त्या दगडाला कुणीतरी शेंदूर लावलाय आणि लोक देवाचं नाव विचारताहेत. काय सांगू ते कळव. खोटं नाव सांगायचं नाही.

ता. क. शेवटचं. (मामा, हे मोठ्याने वाचू नका, तिच्या कानात सांगा.) ती घोंगडी अजून असेल तर धुऊन, उन्हात घालून ठेव. लागणार नाही. पण ठेव.