आत्यानं कानात सांगितलेलं नाव

ती. मंगलआक्कास, उंब्रजहून धाकट्या सूरजचा पायांवर डोकं ठेवून नमस्कार. (डोकं सध्या जागेवर नाही, तरी मानून घ्यावा.) तुझी कंबर कशी आहे? दाजींची शुगर? पत्र लिहायचं कारण म्हणजे तू फोन घेत नाहीस. दाजी घेतात, ‘ती घरात न्हाई’ म्हणतात, आणि मागून तुझाच आवाज येतो, ‘बाजारात गेलीय म्हणा!’

बारशादिवशी नक्की काय झालं, ते मला अजून कळलेलं नाही. तू पाळण्यात वाकलीस, बाळाच्या कानात नाव सांगितलंस, बायकांनी ‘कुर्र’ करून तुझ्या पाठीत धपाटे घातले, इथपर्यंत सगळं रीतीनं चाललं होतं. तू नाव मोठ्यानं सांगणार, तेवढ्यात आई म्हणाली, ‘थांब गं, आधी आत्याची ओटी भरू,’ आणि मला म्हणाली, ‘सूरज, कपाटातली वरची साडी आण.’ मी वरची आणली. आता वरची म्हणजे वरच्या कप्प्यातली, की चळतीत सगळ्यात वर असलेली, हे आजही मायलेकांत ठरत नाही. (मला हिरवी आणि मोरपंखी एकच दिसते.) ती निघाली तूच डोहाळजेवणाला मायाला नेसवलेली. तू घडी उलगडलीस, काठ बघितलास, एवढंच म्हणालीस, ‘फॉल छान लावलाय,’ आणि जेवणाचं ताट तसंच ठेवून इस्लामपूरची एसटी धरलीस. माया वाटेपर्यंत धावली, ‘वन्सं, आवं ऐका तर!’ तू वळून बघितलं नाहीस.

तर नाव तुझ्याबरोबर गेलं. आई बाळाला मल्हार म्हणते. माया शिवतेज. फलटणचे सासरे फोनवरून राजवर्धन अशी हाक मारतात आणि फोन बाळाच्या कानाला लावायला सांगतात. मी कुणाच्या बाजूनं बोलावं हे न कळून ‘ए’ म्हणतो. परवा डोस द्यायला सिस्टर आल्या. नाव विचारल्यावर घरातून तीन आवाज आले. त्या दचकून म्हणाल्या, ‘बाळं किती हायेत?’ मीसुद्धा क्षणभर पाळण्यात बघून आलो.

बाळ मात्र तिन्ही नावांना हसत नाही. माझी शंका आहे की त्याला खरं नाव ठाऊक आहे आणि आम्ही चुकतोय हे त्याला कळतंय.

मोठ्यांना नमस्कार, पोरांना पापा. चुकलंमाकलं पदरात घे.

तुझा,
सूरज

ता. क. नाव चिठ्ठीवर लिहून पाठवू नकोस. आई म्हणते, ते आत्याच्याच तोंडून ऐकायचं असतं. म्हणजे तुला यावं लागेल. दुसरी साडी मायानं स्वतः निवडलीय, मला कपाटाजवळ जायची बंदी आहे.

ता. ता. क. आई तुझं नावसुद्धा काढत नाही, चांगलीच फुगलीय. फक्त दुपारची इस्लामपूरची एसटी यायच्या वेळेला दारात जाऊन उभी राहते. विचारलं की म्हणते, ‘मांजर बघतीय.’ आक्का, आपल्याकडं मांजर नाही.