एकच भिंत दोनदा

आईस,
इतक्या लांबून वाकून नमस्कार.

अक्षर वाकडं आलंय म्हणून जीव टांगणीला लावू नकोस. चुन्याने बोटं जराशी सोलली आहेत, एवढंच. जेवण वेळेवर होतं. तुझा गुडघा कसा आहे? जिना चढत नाहीस ना?

दगड-चुन्याची भिंत बांधणाऱ्या ज्या म्हाताऱ्या मिस्त्रींवर मी माहितीपट करतेय, त्यांना आता मी आजोबाच म्हणते. "आजोबा, पुन्हा एकदा," म्हटलं की ते बसवलेला दगड उचलून परत बसवायचे. कधी मला उजेड कमी वाटायचा, कधी त्यांचा हात नीट दिसायचा नाही. मी आपली म्हणतच राहिले.

एका मंगळवारी भिंतीला पोट आलं, ती मधेच बाहेर फुगली. चुना धरायला लागला की दगड हलवायचा नसतो, हे त्यांनी तेव्हा सांगितलं.

"मग आधी का नाही बोललात?"

"तू एवढ्या लांबून आलीस, पोरी. नाही कसं म्हणायचं?"

आणि मी म्हणे कला जपायला आले होते!

त्यांनी स्वतःच भिंत उतरवली. म्हणाले, "ही माझी शेवटची. आता तो कॅमेरा पेटीत ठेव आणि मला दगड दे." त्यांचे हात कापतात गं. बारा दिवस कॅमेरा पेटीतच राहिला; मी दगड दिले, चुना कालवला.

आता भिंत ओळंब्यात, अगदी सरळ उभी आहे. माहितीपटात मात्र लोकांना दिसेल ती उतरवलेली.

बाबांना पत्र वाचून दाखव. बोटांचं तेवढं वगळ.

तुझी,
धाकटी