एकशेदहा फेरे

३ ऑक्टोबर, शुक्रवार

वीज गेली ती गेलीच. सकाळपासून मुक्कामी गाड्यांच्या अख्ख्या तळावर एक दिवा नाही. तळाचा रखवालदार येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला सांगतो, "येईल हो." कधी ते विचारायचं नाही. त्यातच आमच्या गाडीतल्या खोलीची वेगळी बॅटरीही उतरली, आणि बॅटरीशिवाय सरकती खोली ढिम्म! ही खोली आमच्या कॅम्परच्या, म्हणजे चाकांवरच्या घराच्या, कुशीतून खणासारखी बाहेर येते. बाहेर असली की आमचा पलंग, उशाला खिडकी, सगळा थाट. आत घेतली की पलंग थेट ओट्याला भिडतो आणि मी तिरकी होऊन चालते. ती आत घेतल्याशिवाय गाडी हलवायची नाही.

हे मात्र खूश. बत्तीस वर्षं रुग्णालयाच्या लिफ्ट सांभाळलेला माणूस! वीज गेली आणि लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये लटकली, की वरच्या खोलीत जाऊन चाक हाताने फिरवायचं, हेच ह्यांचं आयुष्य. मी खाली टेलिफोन बोर्डावर. अडकलेल्यांची रडारड माझ्या कानात, आणि मी ह्यांना फोन लावायचे. आमचं लग्न त्या लटकलेल्या लिफ्टांनीच जमवलं.

तर गाडीच्या पोटातला कप्पा उघडून ह्यांनी मला धडा दिला. मोटरीला एक छोटा ब्रेक. तो सोडायचा, मग बाहेरून दांडा घालून फिरवायचा. खोली पूर्ण आत आली की ब्रेक परत बसवायचा. नाही बसवला तर खोली मोकळीच राहते, वळणावर आपण होऊन बाहेर येईल. "आणि लिफ्टखोलीचा नियम. दोन्ही कामं एका माणसाकडे द्यायची नाहीत. फिरवणाऱ्याने विचारायचं, ब्रेक? दुसऱ्याने सांगायचं, बसला. मगच दांडा सोडायचा." झाली वाटणी. दांडा ह्यांचा, ब्रेक माझा. एकशेदहा फेरे लागले, मी मोजले. ह्यांना घाम फुटला तरी चेहरा असा की पंचविशीतले झालेत. रखवालदार बघायला आला होता, त्याच्याकडूनच चहा उकळला.

५ ऑक्टोबर, रविवार

समुद्र अजून चार-पाच दिवसांवर. वाटाणे सोलले, कपडे धुतले. चांगला दिवस.

८ ऑक्टोबर, बुधवार

दांडा सापडेना! तासभर शोधाशोध. गाडी केवढी, त्यात हातभर लोखंडी दांडा लपणार कुठे? शेवटी निघाला माझ्या विणकामाच्या पिशवीत, लोकरीत गुंडाळलेला. विचारलं, "तुम्ही ठेवलात?" क्षणभर माझ्याकडे बघत राहिले. मग, "मीच ठेवला असणार." लोखंड लोकरीत ठेवणारा लिफ्टवाला मी पहिल्यांदा पाहिला.

आणि आता चिठ्ठ्या सुरू झाल्यात. लिफ्टखोलीत लावायचे तशा, ठसठशीत अक्षरात. गॅसपाशी "बंद केला का?" नळापाशी "बंद केला का?" कप्प्याच्या आत "दांडा इथे." मी म्हटलं, घर आहे की कारखाना? तर हसले नुसते. मला हसू आलं नाही. माणूस स्वतःसाठी चिठ्ठ्या लावायला लागला म्हणजे काय समजायचं? माझ्या डोक्यात अजून चारशे एक्स्टेन्शन जशीच्या तशी आहेत. प्रसूती दोनशे चौदा. रक्तपेढी एकशे सहा. लिफ्टखोली तीनशे नऊ.

१० ऑक्टोबर, शुक्रवार

बॅटरी पुन्हा उतरली. खोली हाताने आत घेतली, आता सराव झालाय. मी ब्याण्णव फेरे मोजले. हे म्हणाले, एकशेदहाच, यंत्र आपले फेरे बदलत नाही. वाद घातला नाही. दुपारी समुद्र!

१० ऑक्टोबर, संध्याकाळी

आत्ता कुठे वही उघडली.

उताराचं शेवटचं वळण. समोर पाणी दिसायला लागलं होतं, मी ह्यांना दाखवत होते. मागून आवाज आला, जड खण ओढल्यासारखा. वळून बघते तर भिंत लांब चाललेली! आमचा पलंग, माझी उशी, खिडकीचा पडदा, सगळं रस्त्याकडेला बाहेर निघालेलं, आणि फटीतून लख्ख ऊन आत. मी ओरडले. हे गाडीचा ब्रेक दाबेपर्यंत खोलीचा कोपरा पाटीच्या खांबावर आदळला. खांब वाकला.

खांबापाशी एक बाई होती. कडेवर मूल.

तिला काही झालं नाही. काही म्हणजे काहीच नाही. चपलेत खडा गेला म्हणून तो झटकायला ती दोन पावलं मागे गवतात गेली होती. मी धावत गेले तर मलाच म्हणाली, "मावशी, मला काही नाही झालं हो." आणि मग खालीच बसली. मूल आमच्या पलंगाकडे बोट दाखवून हसत होतं.

खडा नसता तर? दिवसभर हेच. खडा नसता तर?

समुद्र पाहिला नाही.

११ ऑक्टोबर, शनिवार

ब्रेक बसवलेलाच नव्हता. गॅरेजवाल्याने कप्पा उघडून दाखवला. खोलीचं वजन पेलायला मोटरीवरचा तो एक लहानसा खटका, आणि तो सोडलेलाच. "ब्रेक कोण बसवतं तुमच्यात?" त्याने सहजच विचारलं.

मी ह्यांच्याकडे पाहिलं. हे माझ्याकडे पाहत होते. मग त्याच्याकडे वळून म्हणाले, "माझ्याकडून राहिला."

मी टायरावर बसले. बत्तीस वर्षांत ह्या माणसाच्या हातून एक ब्रेक राहिला नाही. एकदा तापाने फणफणत असताना मध्यरात्री परत गेले होते, ब्रेक बसवलाय ना ते बघायला. आणि आता? आई आणि तिचं मूल!

१३ ऑक्टोबर, सोमवार

लेक आली. मीच फोन केला होता. सगळं सांगितलं, दांडा, चिठ्ठ्या, फेऱ्यांचा वाद. ती बाबांची लाडकी, तिचा चेहरा उतरला. "आई, हे कधीपासून चाललंय?" म्हटलं, महिनाभर तरी.

गाडीच्या चाव्या मी मागितल्या. लेकीला ते जमेना, म्हणून मीच. वाटलं होतं चिडतील, आवाज चढेल. ह्यांनी खिशातून काढून माझ्या तळहातावर ठेवल्या आणि माझी बोटं मिटली. "बरोबर आहे तुझं. गाडी थांबायलाच हवी." इतकं सहज! मला त्याचाच जास्त धक्का बसला. भांडले असते तर माझे हे अजून आहेत असं तरी वाटलं असतं.

आता लेकीच्या घरी आहोत. खोली चांगली आहे. सरकत नाही.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार

स्मरणशक्तीच्या डॉक्टरीण बाई. लेक बाहेर थांबली. "ही आत असू दे," असं ह्यांनीच सांगितलं. मी मागे खुर्चीवर.

लहान मुलासारखे प्रश्न. आज वार कोणता, शंभरातून सात वजा करत जा, घड्याळ काढून दाखवा. घड्याळ छान काढलं, लिफ्टच्या मजल्यांच्या काट्यासारखं. शेवटी बाई म्हणाल्या, मघाशी काही शब्द दिले होते, ते सांगा. मीही मनात म्हणून ठेवले होते. बादली, लिंबू, पायरी. तीन. हे म्हणाले, "बादली, टोपी, लिंबू, चिमणी, पायरी."

माझं काळीज लक्‌कन हललं. टोपी आणि चिमणी कुठून आणली? पदरचे दोन शब्द घातले आणि चेहऱ्यावर खात्री केवढी! आणि डॉक्टरीण बाई म्हणतात, "छान." वयाकडे बघून सोडून दिलं असणार. मला राहवेना, म्हटलं, बाई, शब्द तीनच होते ना? त्यांनी माझ्याकडे पाहिलं. ह्यांच्याकडे पाहिलं. मग मलाच विचारायला लागल्या, आजी, तुमची झोप कशी आहे, स्वयंपाकात कधी गोंधळ होतो का? आजी! माझी कसली चौकशी करताय? मी फटकून उत्तरं दिली. ह्यांनी माझ्या हातावर हात ठेवला होता, तो काढला नाही.

बाहेर लेक उभीच होती. हे तिला म्हणाले, "लक्ष ठेवायला हवं म्हणतात. पुढच्या महिन्यात आम्हां दोघांना बोलावलंय." मला रडू आलं. एकट्याला पाठवतही नाहीत आता ह्यांना.

१९ ऑक्टोबर, रविवार

लेकीच्या स्वयंपाकघरातही चिठ्ठ्या! ह्यांनीच लावल्या. लेकीने एक काढली तर म्हणाले, "राहू दे. मला लागते." ती न्हाणीघरात जाऊन रडली. मी दाराबाहेर उभी राहिले, आत जायचं धाडस झालं नाही.

२१ ऑक्टोबर, मंगळवार

गाडीला गिऱ्हाईक मिळालं. खोलीचा कोपरा दुरुस्त झालाय. शुक्रवारी येऊन नेणार. हे जाऊन ती धुऊन आले, आतून-बाहेरून. परत आले तेव्हा डोळे लाल. साबण गेला म्हणाले. आपली समुद्राची गाडी. मी तिला विकायला काढली, आणि ह्या माणसाने एका शब्दाने अडवलं नाही. रागच येतो ह्यांचा. विसरायचंच होतं तर दुसरं काहीही विसरायचं होतं.

२३ ऑक्टोबर, गुरुवार

लगेच लिहिते आहे. राहून जाऊ नये म्हणून.

उद्या गाडी जाणार. वीज गेली तर खोली हाताने कशी आत घ्यायची, ते नव्या माणसाला लिहून द्यावं म्हणून ही वही मागे उलटली. तीन तारीख. माझंच अक्षर, माझीच शाई. "दांडा ह्यांचा, ब्रेक माझा."

पुन्हा वाचलं. पुन्हा. त्या बाईच्या चपलेत खडा नसता तर ते माझ्या हातून होणार होतं. दहा तारखेच्या सकाळी ह्यांनी विचारलं असणारच, "ब्रेक?" मी काय म्हणाले ते मला आठवत नाही. विचारलेलंसुद्धा आठवत नाही.

हे मागच्या अंगणात कपडे वाळत घालत होते. वही तशीच हातात धरून गेले. विचारलं, "डॉक्टरीण बाईंनी शब्द किती सांगितले होते?"

ह्यांच्या तोंडात चिमटा होता. तो काढून दोरीला लावला. वहीकडे पाहिलं.

"पाच," म्हणाले. ओली चादर झटकली, तिचं एक टोक माझ्या हातात दिलं. "तीनही काही कमी नाहीत."