उंटाची चाल

अल कुसैस, गुरुवार, १७ मे २००१

दुधाच्या जाहिरातीतला माझा कार्टून उंट आज क्लायंटकडून पास झाला. गोष्ट माझी, चित्रं माझी, दिग्दर्शनही माझंच. तरी जेवण गेलं नाही.

उंटाची चाल जमत नव्हती, म्हणून नेहमीसारखा आरशासमोर स्वतःच चालून बघत होतो. पाय आपोआप अब्बांसारखा पडला. होडीवर जायबंदी झाल्यापासून ते डावा पाय ओढत चालतात, अगदी तसा. तेच काढलं. क्लायंट पोट धरून हसला. "हबीबी, थोडा और लंगडा करो." मी केलं. का केलं? नाही म्हणता आलं असतं.

घरी टेप लावली, तर झोया हसत सुटली. मघापासून डावा पाय ओढत हॉलभर फिरतेय. "पपा, लुक, आय ॲम द कॅमल." तिची आई मात्र हसली नाही. तिने चाल ओळखली. "अब्बा उद्या येताहेत," एवढंच म्हणाली.

शेवटचं रत्नागिरीला गेलो, तेव्हा झोया तान्ही होती. उद्या तिला एअरपोर्टवर न्यायचं कबूल केलंय. अब्बांना चालताना ती पहिल्यांदाच बघणार आहे.