कपारीतली दुसरी हाक

माळवाडी, चारठाण्याजवळ
५ जानेवारी २०२६

तीर्थरूप दिनकरमामांच्या पायी दैवशालाचा नमस्कार. वि. वि.

मामा, जिनिंगच्या मशीननं तुमचे कान नेले, आता फोनवर वरडून माझा गळा जायची पाळी आली. म्हणून पत्रच बरं. मामीचा गुडघा कसा हाय ते कळवा.

बातमी अशी, की जालन्याकडचे याकोबराव येशूच्या सिनेमाच्या दुसऱ्या भागासाठी येऊ लागलेत. सिनेमा काढतेत तेच, आन् येशूचं कामही तेच करतेत. पहिल्या भागात आपल्या अप्पानं मेलेल्या, मग येशूनं उठवलेल्या लाजराचं काम केलं होतं, आठवतंय न्हवं? टेकडीवरच्या कपारीत पांढऱ्या कापडात गुंडाळून निजवलेलं. याकोबराव ‘लाजरा, बाहेर ये’ म्हणून हाका मारून थकले, आन् अप्पा आत घोरायलेले! शेवटी खऱ्या नावानं ‘धोंडीबा, बाहेर ये’ म्हटलं तवा उठून आले. देवळापुढं पडद्यावर साऱ्या गावानं बघितलं. उठलेला लाजर पुढं घरी कसा राहिला, येशू स्वतः कसा उठला, ते दुसऱ्या भागात हाय म्हणून सारे वाट बघायलेत.

अप्पा गेल्याचं याकोबरावांना ठाऊक नव्हतं. मीच सांगितलं. पोळ्याच्या आधी अप्पाला माती दिली, तवापासून आई धड जेवत न्हाई. आता मात्र रोज अंगण सारवायलीय. म्हणती, एका हाकेला आले होते, दुसरीलाही येतील. मला भ्या वाटायलंय. काय करू?

तुमच्या आशीर्वादाची सावली असू द्या.
तुमची दैवशाला


मानवत
९ जानेवारी

चि. दैवशाला हिला अनेक आशीर्वाद.

मामीचा गुडघा दुखतो, जीभ ठणठणीत आहे. तेवढी एकच मला ऐकू येते.

पोरी, सिनेमातला मेलेला उठतो, कारण तो मेलेला नसतो. भिवराला, तुझ्या आईला, एवढं समजावून सांग. दाजींसारखा माणूस मलाही परत मिळाला तर हवाच आहे, पण ते आपल्या हातात नाही. तिला त्या कपारीकडं जाऊ देऊ नको. याकोबरावांनाही हात जोडून सांग, की गेलेल्याचं नाव मोकळ्या रानात मोठ्यानं घेऊ नये. आमची आई म्हणायची, ऐकायला कोण उभं असतं ते आपल्याला दिसत नाही. १७ तारखेच्या शनिवारी मी स्वतःच येतो.

आईला जप. माया आहेच, ती वाढो.
तुझा मामा


माळवाडी
१३ जानेवारी

तीर्थरूप मामांना दैवशालाचा नमस्कार.

तुमचं पत्र आलं तवा सारं होऊन गेलं होतं.

शूटिंगच्या सकाळी आई सरळ याकोबरावांपुढं जाऊन उभी राहिली. त्यांनी हात जोडले. म्हणाले, मावशी, मी नट, मेलेल्याला उठवणारा फक्त प्रभू. आई म्हणाली, तवाही तुमी नटच होता. मग डोळे मिटून याकोबरावांनी प्रार्थना केली आन् चांगल्या उन्हात, कपारीपुढं उभं राहून अप्पाला नावानं हाक मारली.

आधी काहीच झालं न्हाई. मग खाली चरणाऱ्या अप्पाच्या साऱ्या मेंढ्यांनी एकदमच माना वर केल्या. चारा सोडून त्या टेकडी चढल्या आन् कपारीच्या तोंडाशी दाटीनं उभ्या राहिल्या. मामा, आतून टाळूला जीभ लावून वाजवल्याचा टॉक् टॉक् आवाज आला. अप्पा मेंढ्यांना बोलवायचे तसाच. मी ऐकला, याकोबरावांनीही ऐकला.

आई कपारीच्या तोंडापर्यंत गेली. अंधाराकडं बघून हळू आवाजात कायतरी बोलत राहिली. मग वळली आन् मेंढ्या हाकू लागली. त्या हलत नव्हत्या. याकोबराव बॅटरी घेऊन आत गेले. कपार ती बाजेएवढी. आत कुणीच न्हाई. ते तिथंच गुडघ्यावर बसले. सामान गुंडाळून जाताना म्हणाले, माझ्या तोंडून काय झालं ते मला कळंस्तोवर दुसरा भाग निघणार न्हाई.

आई मला काहीच सांगत नव्हती. आज म्हणाली, दादाला लिही. खाली तिचेच शब्द हायत.

दैवशाला


दादा, भिवराचा दंडवत.

ते आले होते. उंबऱ्यावर थांबावं तसे सावलीच्या कडेला उभे होते. मी म्हटलं, घरी चला. त्यांनी मेंढ्यांकडं बघितलं, एकेकीला नावानं हाक मारली. त्यांच्या मागं जन्मलेल्या कोकरालाही मारली, ज्याला आमी अजून नाव ठेवलं न्हाई. मग माझ्याकडं बघितलं आन् इचारलं, बाई, तुमी कोणाच्या?

दादा, एवढा संसार केला. सांगायला तोंड उघडलंच होतं. पण उन्हाकडं बघून त्यांचे डोळे मिटायलेले, भर झोपेतून उठवलेल्या लेकरासारखे. त्यांना यायचं नव्हतं रे. हाक मारली म्हणून आले.

मग मी म्हटलं, मी कोणाची न्हाई, वाट चुकले, तुमी निजा.

ते बरं म्हणाले आन् आत गेले.

पोरगी रडायलीय, अक्षर हललं असंल. शनवारी उपाशी ये, चुलीपुढं मी बसणार हाय. बहिणीवर जीव राहू दे.

तुझी भिवरा