दिवंगत मैत्रिणीस

शुक्रवार, १४ मार्च

टाचणी,

सप्रेम नमस्कार. ‘सप्रेम’ सवयीनं उतरलं. राहू दे, खाडाखोड तुला आवडत नाही.

तू बरी असशील. परवा भाषणात आवाज खणखणीत होता, म्हणजे घसा सुधारलेला दिसतो. इकडे आम्ही दोघं ठीक. आमच्या इंजिनियरनं (नवऱ्याला मी अजून तेच म्हणते) निवृत्तीनंतर घरातला प्रत्येक नळ एकदा उघडून दुरुस्त केलाय, त्यामुळे आता एकही धड बंद होत नाही. अक्षर वेडंवाकडं दिसेल. डाव्या हातानं लिहितेय. उजवा पाहुण्यासारखा मांडीवर बसून असतो, त्याला काम सांगायची सोय नाही.

तुझं पुस्तक वाचलं. स्पॅनिश भयकादंबरीवर आपल्या भाषेत असं पुस्तक नव्हतंच. कागद चांगला, बांधणी घट्ट, स्पॅनिश उतारे तिरक्या टायपात सुबक दिसतात. पहिलं प्रकरण फर्मास. उत्तर युरोपातल्या लेखकांना भीतीची गोष्ट सुचली की ते बिऱ्हाड स्पेनमध्ये हलवायचे. तिथले मठ, तिथली तळघरं, धर्मन्यायालयाच्या कोठड्या. आणि मग त्यांचेच समीक्षक सांगायचे, स्पेनला स्वतःची गॉथिक भयकादंबरी जमलीच नाही. ‘दुसऱ्याच्या घरात आपलं भूत सोडायचं आणि वर घरमालकाला म्हणायचं, तुला भुतातलं काय कळतं!’ हे वाक्य तुझंच. आपल्या स्पॅनिश विभागातल्या त्या कोंदट खोलीत तू ते पहिल्यांदा म्हणालीस तेव्हा हसता हसता माझा चहा सांडला होता. तुझं ते तुझं.

तिसरं प्रकरण मात्र माझं आहे.

आपल्या बाईच्या कादंबऱ्यांवरून आपण अख्खा हिवाळा भांडलो. त्या स्पॅनिश लेखिकेला आपण ‘आपली बाई’च म्हणायचो, कारण आपल्याशिवाय तिला विचारणारं कुणी नव्हतं. तिच्या प्रत्येक कादंबरीत शेवटी खुलासा येतो. जिन्यातला आवाज वाऱ्याचा निघतो, पांढरी आकृती चुलतबहीण निघते, सगळे प्रार्थनेला जातात. तू म्हणायचीस, “बाई शेवटी कच खाते. भूत उभं केलं आणि स्वतःच घाबरली.” मी म्हणत होते, अगं, ते खुलाशाचं प्रकरण वाचकासाठी नाहीच, सेन्सॉरनं पुस्तक अडवू नये म्हणून आहे. आधीची वाक्यं श्वास घेतात. शेवटची बघ, सरकारी परिपत्रकासारखी कोरडीठाक. ज्याला कळायचं त्याला कळावं म्हणून तिनं मुद्दाम वाईट लिहिलंय. तू तेव्हा दार आपटून गेलीस आणि आठवडाभर माझ्याशी बोलली नाहीस.

आता पुस्तकात ते माझं म्हणणं तुझं झालंय. आणि तुझं जुनं म्हणणं तू ‘काही समीक्षकां’च्या पदरात टाकलंयस. कोण गं हे काही समीक्षक? मी तर त्यांच्यासोबत वर्षानुवर्षं डबा खाल्लाय.

असो. चोरी मी एक वेळ पचवली असती. आपल्या धंद्यात कोण कुणाचं उचलत नाही? पण पुस्तक उघडलं तर अर्पणपत्रिका: ‘जिच्याविना हे लेखन घडले नसते, त्या माझ्या दिवंगत मैत्रिणीस.’

इंजिनियरला वाटलं, तुझी आणखी कुणी मैत्रीण वारली. “बिचारी,” म्हणाला. मला हसू आवरेना. पेन्शनसाठी दरवर्षी हयातीचा दाखला देते, तुझ्याकडेही एक पाठवायला हवा होता हे लक्षात आलं नाही.

नंतर मात्र हसू गेलं. तू विसराळू नाहीस. जिवंत सहलेखिकेची सही लागते, मुखपृष्ठावर नाव लागतं. मेलेलीचं अर्पणपत्रिकेवर भागतं, वर लोक हळहळतातही. मला अर्धांगाचा झटका आला तेव्हा तू दवाखान्यात एकदाच आलीस. तोंडातून शब्द फुटत नव्हता, पण कान शाबूत होते. दारात तू डॉक्टरांना विचारलंस, “आता ही पुन्हा कामाला लागेल असं काही दिसत नाही ना?” प्रश्न विचारायची एक तऱ्हा असते, टाचणी. तुला ‘नाही’च ऐकायचं होतं. पुढच्या आठवड्यात तू घरून माझ्या टिपणांची खोकी नेलीस. इंजिनियरनं ती स्वतः तुझ्या गाडीत चढवली. “जपून ठेवेन,” म्हणालीस त्याला. जपलीस खरी.

आता परवाचं. वर्तमानपत्रात बातमी आली, विद्यापीठाच्या सभागृहात पुस्तकावर चर्चा. इंजिनियर म्हणाला, “जायचंच.” मी म्हटलं, “तमाशा नको.” तो म्हणाला, “तमाशा कसला? प्रेक्षकच तर व्हायचंय.” शेवटच्या रांगेत बसलो. चालताना काठी वाजते म्हणून मी आधीच जाऊन बसले होते, तुला दिसले नाही. तू सेन्सॉरबद्दल बोललीस, सुंदर बोललीस. मग चष्मा काढलास आणि म्हणालीस, “आज ती असती तर...”

“आहे की!” इंजिनियर ओरडला.

लोक हसले. त्यांना वाटलं, म्हातारा विनोद करतोय. तुझ्या चेहऱ्यावरचा रंग उतरलेला फक्त मी पाहिला. मग तू व्यासपीठावरून उतरलीस, खुर्च्यांमधून वाट काढत आलीस, माझे दोन्ही हात धरलेस आणि बोलत राहिलीस. किती तरी वेळ. रडत होतीस. स्पॅनिशमध्ये बोलत होतीस. मी मान हलवली. टाळ्या पडल्या. कुणीतरी फोटोही काढला.

काल तुझ्या प्रकाशकाचा फोन आला. गोड बोलतो माणूस. दुसऱ्या आवृत्तीत ‘दिवंगत’ काढतो म्हणाला, ‘अनवधानाने झालेली चूक’. तेवढं ‘पुस्तकाबद्दल माझी तक्रार नाही’ असं संमतिपत्र सही करून पाठवा, म्हणे. “मॅडम म्हणाल्या, तुम्ही मोठ्या मनानं त्यांना माफ केलंत. सगळ्यांसमोर मान डोलावलीत.”

सकाळपासून त्यावरच घोटाळतेय आणि इकडच्या तिकडच्या गप्पा मारतेय. आता सांगून टाकते. तू काय बोललीस त्यातलं मला अक्षरही कळलं नाही.

माझी स्पॅनिश गेली, टाचणी. झटक्यात गेली ती परतली नाही. मराठी हळूहळू आली. आधी ‘पाणी’ आलं, मग ‘नको’, मग शिव्या, मग सगळी. स्पॅनिशचा नुसता सूर ओळखू येतो. ओळखीच्या गल्लीत उभं राहावं आणि एकही दार आपल्यासाठी उघडू नये, तसं. तुझ्या पुस्तकातले उतारे सुबक दिसतात असं वर लिहिलं ना? दिसतात. तेवढंच. आपल्या बाईची जी वाक्यं मला तोंडपाठ होती, त्यांच्यावरून बोट फिरवून बसते. हे डॉक्टर सोडून कुणालाच माहीत नाही. घरी येताना इंजिनियरनं विचारलं, “काय म्हणाली गं?” मी म्हटलं, “माफी मागितली.” त्यालाही खोटंच सांगितलं.

सभागृहाला कळू नये आणि मला कळावं, म्हणून तू ती भाषा निवडलीस. हुशार आहेस. पण आता ती भाषा दोघींपैकी फक्त तुझी उरली होती. मी लाजेनं मान हलवली. इतकी वर्षं शिकवलेल्या भाषेत समोरची बाई रडतेय आणि मला ती पाणी मागतेय की माफी तेही कळत नाही, हे त्या माणसांना कळू नये म्हणून.

हे लिहून मी तुझ्या हातात काय देतेय, याची मला पुरती जाणीव आहे. उद्या कुणी आपल्या दोघींसमोर मूळ कादंबरी ठेवली आणि विचारलं, तिसरं प्रकरण कुणाचं, तर मला पहिली ओळही वाचता येणार नाही. तू वाचून दाखवशील, अर्थ सांगशील, टाळ्या घेशील. घे. पण तू ज्याला माफी समजून निर्धास्त झोपतेयस, ते मी दिलेलं नाही. तेवढं तुला या पत्रानंतर ठेवता येणार नाही.

संमतिपत्र कोरंच परत पाठवलंय. प्रकाशकाला कळवलंय की तिसऱ्या प्रकरणावर माझं नाव घालणार असाल तर बोलू. तो बहुधा तुझ्याकडे धावत येईल. त्याला काय सांगायचं ते तू ठरव.

आणि माझे हात धरून जे बोललीस, ते पुन्हा लिहून पाठव. मराठीत. कुणी ऐकत नसताना तेच लिहिता येतंय का, बघ.

अजून काहीही न म्हणालेली,
मी